आईनं टोकियोत काय पाहिलं: 'हितोरी मुसुको' (1936) मधल्या एका व्यवहाराचा अभ्यास

प्रकरण सांगायला फार वेळ लागत नाही. 1923 साल. जपानच्या डोंगराळ शिन्शू भागात, म्हणजे आजच्या नागानो प्रांतात, एक विधवा बाई रेशमाच्या गिरणीत काम करते. तिला एकच मुलगा आहे. तो प्राथमिक शाळा संपवतोय. त्याला पुढं शिकवायचं असं ती ठरवते. तेरा वर्षांनी, 1936 मध्ये, ती पहिल्यांदाच त्याला भेटायला टोकियोला जाते, काही दिवस राहते आणि परत येते.

यासुजिरो ओझू या दिग्दर्शकाचा हा पहिला बोलपट. 'हितोरी मुसुको' म्हणजे एकुलता एक मुलगा. ओझूबद्दल लिहिणारे बहुतेक जण या चित्रपटाकडं त्याच्या नंतरच्या, जास्त गाजलेल्या चित्रपटांची तयारी म्हणून बघतात. मला तो स्वतंत्रपणे, एखाद्या घराची जुनी हिशेबाची वही उघडावी तसा वाचावासा वाटतो. त्या वहीत एका बाजूला खेड्यातून शहराकडं काय काय गेलं ते लिहिलेलं आहे. दुसऱ्या बाजूला काय परत आलं, हे आपल्याला शोधायचं आहे.

आईच्या बाजूचा खर्च

त्सुने नोनोमिया हे आईचं नाव. र्योसुके हा मुलगा. माध्यमिक शाळेत जायचं असेल तर पैसे लागणार आणि घरात ते नाहीत, हे दोघांनाही माहीत आहे. तरीही मुलगा शाळेत शिक्षकांना सांगून टाकतो की आपण पुढं शिकणार. शिक्षक ओकुबो आनंदानं घरी येतात, आईचं अभिनंदन करतात, पुढच्या काळात शिक्षणाशिवाय काही खरं नाही असं सांगतात. आईला हे सगळं तिथंच कळतं. ती पाहुण्यांसमोर काही बोलत नाही. ते गेल्यावर मुलाला एक थप्पड मारते. मग रात्री त्याच्याजवळ येऊन सांगते की तू शिक, मी काम करीन, तू मोठा माणूस हो.

या प्रसंगात ओझूनं एकही मोठा शब्द वापरलेला नाही. थप्पड आणि होकार यांच्यात काही तासांचंच अंतर आहे, आणि त्या तासांत तिच्या मनात काय चाललं ते आपल्याला दाखवलेलं नाही. पण निर्णय कुणाचा होता हे इथं लक्षात ठेवायला हवं. मुलगा खोटं बोलला, शिक्षकांनी त्यावर विश्वास ठेवला आणि आईनं ते खोटं खरं करून दाखवायचं ठरवलं. पुढं जे घडतं त्यात या तिघांचाही वाटा आहे.

तिचं काम काय होतं तेही समजून घेऊ. रेशमाच्या गिरणीत कोश गरम पाण्यात टाकतात, त्यातला डिंक सैल होतो. बायका त्या पाण्यातून कोशाचं टोक शोधून काढतात, असे अनेक कोशांचे अतिशय बारीक तंतू एकत्र करून त्यांचा एक धागा करतात आणि तो फिरत्या रहाटावर चढवतात. दिवसभर हात वाफेत आणि पाण्यात. नागानो हा या धंद्याचा बालेकिल्ला, सुवा तळ्याच्या काठचं ओकाया हे गाव तर त्यासाठीच प्रसिद्ध. 1920च्या दशकात जपानच्या निर्यातीत कच्चं रेशीम पहिल्या क्रमांकावर होतं, आणि त्यातलं बहुतेक अमेरिकेला जात असे. जपाननं बाहेरून यंत्रं, जहाजं, पोलाद आणलं त्याचं मोल चुकवण्यात या बायकांच्या हातांचा मोठा वाटा होता. टोकियोचं आधुनिक होणं आणि शिन्शूच्या गिरणीतली वाफ ही एकाच साखळीची दोन टोकं आहेत.

मग 1929 ची मंदी आली. अमेरिकेतली मागणी आटली, रेशमाचे भाव कोसळले. तुतीची लागवड आणि रेशीमकीटक यांवर जगणारी नागानोतली शेतकरी कुटुंबं देशोधडीला लागली. पुढं चीनच्या ईशान्येकडच्या मांचुरियात वसाहतीसाठी जपानमधून जे लोक पाठवले गेले त्यांत सर्वांत जास्त नागानोचे होते, ते याच वाताहतीमुळं. ओझू हे काहीच सांगत नाही. पण 1936 च्या प्रेक्षकाला ते सांगावं लागत नव्हतं. पडद्यावर गिरणीतली बाई दिसली की तिच्या घरी काय चाललं असेल हे त्याला कळत होतं.

आपल्याकडं गिरणगावातला कामगार मुंबईहून गावाला मनिऑर्डर पाठवायचा. कोकणातली कितीतरी घरं त्या मनिऑर्डरीवर उभी राहिली. इथं प्रवाह उलटा आहे. गिरणी खेड्यात आहे आणि पैसा खेड्यातून राजधानीकडं जातोय, फीच्या आणि खोलीभाड्याच्या रूपानं. हा फरक ध्यानात घेतला नाही तर या चित्रपटातलं दुःख नुसतं आई-मुलाचं वाटतं.

टोकियोचं टोक

1923 हे साल ओझूनं उगीच निवडलं असेल असं मला वाटत नाही. त्याच वर्षी 1 सप्टेंबरला कांतो भागात प्रचंड भूकंप झाला, टोकियो आणि योकोहामा जळाले, एक लाखाहून जास्त माणसं गेली. आज ज्याला आधुनिक टोकियो म्हणतात ते त्या राखेतून उठलेलं शहर आहे. आणि ओझूच्या स्वतःच्या आयुष्यातही ते वर्ष वळणाचं होतं. परीक्षांमध्ये अपयश आल्यावर तो मिए प्रांतातल्या एका डोंगरी खेड्यात वर्षभर बदली शिक्षक होता. 1923 मध्ये ते सोडून तो टोकियोला आला आणि ऑगस्टमध्ये शोचिकु कंपनीच्या कामाता स्टुडिओत कॅमेरा विभागात लागला. चित्रपटातले ओकुबो मास्तरही त्याच सुमारास खेड्यातली शाळा सोडून टोकियोला जातात. त्यांनाही पुढं शिकायचं असतं. ओकुबोंच्या भूमिकेत चिशू र्यू आहे. ही व्यक्तिरेखा लिहिताना ओझूच्या डोळ्यांसमोर त्याचं स्वतःचं न घडलेलं आयुष्य असावं, असं मला प्रत्येक वेळी हा चित्रपट बघताना वाटतं.

आता 1936. र्योसुके आईला घ्यायला येतो, टॅक्सीतून शहर दाखवत नेतो. आई खिडकीतून बघत राहते. मग टॅक्सी सोडून ती दोघं शहराच्या पूर्वेकडच्या सुनामाची भागात पोचतात. खाडी बुजवून मिळवलेली सपाट जमीन, मधूनमधून मोकळी पडलेली, विरळ वस्ती, दूरवर धुराडी. 1 ऑक्टोबर 1932 ला टोकियो महानगरपालिकेनं आजूबाजूची 82 गावं-शहरं एकदम आपल्यात घेतली, प्रभाग 15 चे 35 झाले आणि लोकसंख्या सुमारे 50 लाखांवर गेली. सुनामाची त्याच दिवशी टोकियो झालं. म्हणजे मुलगा टोकियोत राहतो हे कागदावर खरंच आहे. फक्त चार वर्षांपूर्वीपर्यंत ते टोकियो नव्हतं.

घरी पोचल्यावर आईला कळतं की मुलाचं लग्न झालंय, त्याला एक लहान बाळ आहे. त्यानं हे कळवलेलंच नव्हतं. नोकरी म्हणजे रात्रशाळेत भूमिती शिकवणं. इथं दिग्दर्शकाला रडारड करता आली असती. त्सुनेचा चेहरा क्षणभर थांबतो, मग ती सुनेशी बोलू लागते, बाळाकडं बघते. चोको ईदा या अभिनेत्रीनं ही आई केली आहे, तेव्हा तिचं वय चाळिशीच्या आतलं होतं. तिच्या चेहऱ्यावरचं ते थांबणं बघण्यासाठीच हा भाग मी दोनतीनदा मागं नेऊन बघितला आहे.

पुढचे दिवस पाहुणचाराचे. र्योसुके सहकाऱ्यांकडून पैसे उसने घेतो आणि आईला शहर दाखवतो. तिला तो बोलपट दाखवायला नेतो. संगीतकार शूबर्टवरचा जर्मन भाषेतला चित्रपट, पडद्यावर गाणं आणि झगमगाट, आणि आई बसल्या जागी डुलक्या घेते. याला बोलपट म्हणतात असं तो तिला समजावतो. रात्री फिरत्या विक्रेत्याकडून चिनी पद्धतीच्या गरम शेवया आणतो, रस्सा फार चविष्ट असतो म्हणून आग्रह करतो. या सगळ्या वस्तू नव्या शहराच्या आहेत. आईला त्यातली एकही नको होती, पण मुलाकडं तिला देण्यासारखं एवढंच होतं.

आणि ओकुबो मास्तर? ती दोघं त्यांना भेटायला जातात. मास्तरांचं आता तोंकात्सूचं दुकान आहे, डुकराच्या मांसाचं तळलेलं कटलेट विकतात. दारात फडका फडफडतोय, घरात पोरं आहेत. मास्तर प्रेमानं स्वागत करतात, बाळ रात्री रडू नये म्हणून एक तोडगाही देतात. कुणीच कुणाला दुखवत नाही. पण ज्या माणसानं शिक्षणाशिवाय काही खरं नाही असं सांगून या आईला व्यवहारात उतरवलं, तो कढईसमोर उभा आहे हे तिनं बघितलं. चित्रपटातला मला सर्वांत जड वाटणारा प्रसंग हाच. खलनायक कुणी नाही, मास्तर खोटं बोलले नव्हते. त्यांनी त्याच आशेवर स्वतःचंही आयुष्य लावलं होतं.

त्या पिढीपुढं हे सगळीकडंच उभं होतं. ओझूनंच 1929 मध्ये 'पदवी तर मिळाली, पण...' अशा अर्थाच्या नावाचा मूकपट काढला होता, आणि ते नाव बेकार पदवीधरांसाठी बोलीभाषेतला वाक्प्रचारच होऊन बसलं. विद्यापीठातून दर वर्षी मुलं बाहेर पडत होती, कचेऱ्यांत तेवढ्या खुर्च्या नव्हत्या.

कचरा जाळणारी धुराडी

एका दुपारी आई आणि मुलगा घराबाहेर मोकळ्या जागेत गवतावर बसतात. समोर उंच धुराडी. ती टोकियो शहराचा कचरा जाळण्याची भट्टी आहे, असं मुलगा साधेपणानं सांगतो. मग विचारतो, आई, मी कोण होईन असं तुला वाटलं होतं? आपण टोकियोला यायलाच नको होतं, तुझ्याजवळ गावातच राहायला हवं होतं, असंही त्याच्या तोंडून निघतं.

ही जागा विचारपूर्वक निवडलेली आहे. पाश्चात्त्य धर्तीच्या इमारती, दुकानं, दिव्यांची रोषणाई यांचं टोकियो ओझूला दाखवता आलं असतं. त्यानं शहर जिथं आपली घाण नेऊन जाळतं ती जागा दाखवली, आणि गावातून आलेल्या सुशिक्षित मुलाचं घर त्याच्या शेजारी ठेवलं. त्यावर तो काही भाष्य करत नाही. सुनामाचीला लागून असलेल्या फुकागावा भागात ओझूचा जन्म झाला होता. तो हा परिसर पाहुणा म्हणून बघत नव्हता.

रात्री मात्र बोलणं फुटतं. मुलगा म्हणतो की इतकी माणसं असलेल्या टोकियोत काही होत नाही, ओकुबो मास्तरांसारखा माणूससुद्धा कटलेट तळतोय. आई चिडते. तू इतक्यात हार कशी मानतोस? आणि मग, इतके दिवस न सांगितलेली गोष्ट सांगते. घर विकलं, तुतीचं शेत विकलं, आता आपल्याकडं काहीही नाही, गिरणीच्या चाळीत राहते. तूच एवढा उरला आहेस.

सून पलीकडं ऐकत असते, ती रडते. त्यानंतर कॅमेरा रिकाम्या खोलीचा एक कोपरा दाखवतो आणि तिथंच थांबतो. माणूस नाही, हालचाल नाही, नुसती भिंत आणि पहाट होत जाणारा उजेड. बघणाऱ्याला अस्वस्थ वाटेल इतका वेळ. अशी जागा ओझूच्या नंतरच्या चित्रपटांत पुष्कळदा येते आणि तिच्यावर पुष्कळ गूढ लिहिलं गेलं आहे. मला इथं ती साधी वाटते. घर आणि शेत विकलं हे ऐकल्यावर त्या खोलीत बोलण्यासारखं कुणाकडंच काही उरलेलं नाही.

घोडा आणि पैशांचा प्रश्न

दुसऱ्या दिवशी सून आपला किमोनो विकून पैसे आणते, म्हणजे सासूबाईंना कुठंतरी फिरायला नेता येईल. तेवढ्यात शेजारच्या ओताका बाईंचा मुलगा घोड्याची लाथ लागून जखमी होतो. र्योसुके त्याला उचलून दवाखान्यात नेतो, आणि फिरायला जायचे पैसे त्या बाईच्या हातात ठेवतो. आईला याचा खरा अभिमान वाटतो. तू श्रीमंत झाला नाहीस हे एका परीनं बरंच झालं, असं ती म्हणते. श्रीमंत झाला असतास तर कदाचित असं वागला नसतास.

बहुतेक जण चित्रपटाचा अर्थ इथं लावतात. मुलगा मोठा झाला नाही पण चांगला माणूस झाला, म्हणजे आईचे कष्ट वाया गेले नाहीत. माझं मत वेगळं आहे. चांगुलपणा खरा आहे यात शंका नाही, आणि ओझू त्याची टिंगलही करत नाही. पण पैसे कुणाचे होते ते बघा. सुनेच्या अंगावरचा किमोनो विकून आलेले ते पैसे. आईचं शेत गेलं तसाच तो किमोनो गेला. या घरात प्रत्येक चांगली गोष्ट कुणीतरी बाई काहीतरी विकते म्हणून घडते. एका गरिबानं दुसऱ्या गरिबाला सावरलं ही मोठी गोष्ट आहे, तिनं शेत मात्र परत येत नाही. आईलाही हे कळतं. परत जाताना ती चिठ्ठी आणि थोडे पैसे मागं ठेवते, नातवासाठी काहीतरी घ्या म्हणून. म्हणजे टोकियोत येऊनसुद्धा तिच्याच हातून पैसा टोकियोकडं गेला. ती चिठ्ठी वाचून र्योसुके पुन्हा अभ्यास करायचं, शिक्षकाची वरच्या दर्जाची परीक्षा द्यायची ठरवतो. तो मनापासून ठरवतो यावर माझा विश्वास आहे. पण आपल्या बाळानं आयुष्यात काय व्हावं याची आशा तो जेव्हा बोलून दाखवतो, तेव्हा तेरा वर्षांपूर्वीची रात्र पुन्हा ऐकू येते.

आवाज उशिरा का आला

हा चित्रपट स्वतःच आधुनिकतेशी झालेल्या एका झटापटीतून जन्मला, म्हणून ते थोडक्यात सांगतो. आपल्याकडं 1931 मध्ये 'आलम आरा' आणि 1932 मध्ये प्रभातचा 'अयोध्येचा राजा' आल्यावर मूकपट फार लवकर मागं पडला. जपानमध्ये पहिला पूर्ण लांबीचा बोलपट 1931 चाच, तोही ओझूच्याच कंपनीचा. तरी मूकपट तिथं पुढं कित्येक वर्षं टिकला. एक कारण म्हणजे बेन्शी. पडद्याशेजारी उभं राहून सर्व पात्रांचे आवाज काढणारे, गोष्ट रंगवून सांगणारे हे कलावंत. त्यांच्यासाठी लोक तिकीट काढत. ओझूचं कारण मात्र वैयक्तिक होतं. त्याचा छायालेखक हिदेओ मोहारा स्वतःची ध्वनिमुद्रण पद्धत तयार करत होता आणि पहिला बोलपट तुझ्याच यंत्रावर करीन असा शब्द ओझूनं त्याला दिला होता. तो शब्द त्यानं पाच वर्षं पाळला. हीच गोष्ट त्यानं 1935 मध्ये मूकपट म्हणून सुरू करून अर्ध्यावर सोडली होती.

1936 च्या जानेवारीत शोचिकुनं स्टुडिओ कामाताहून ओफुनाला हलवला, कारण कामाताच्या भोवती कारखाने वाढले होते आणि त्यांच्या आवाजात बोलपट काढणं अशक्य झालं होतं. ओफुनात कंपनीची दुसरी यंत्रणा होती. मोहाराच्या यंत्रासाठी ओझू त्या ओसाड पडलेल्या कामाता स्टुडिओत परत गेला. गाड्यांचा आवाज थांबल्यावर, मध्यरात्रीपासून पहाटेपर्यंतच काम करता येई, आणि एका रात्रीत जेमतेम काही दृश्यं होत. शहराचा कोलाहल थांबेल तेवढ्या वेळात, शहरानं गिळलेल्या माणसांचं बोलणं टिपलेलं आहे. चित्रपटातल्या संवादांमध्ये जी शांतता जाणवते ती कदाचित त्या रात्रींचीच असेल.

परतल्यावर

गिरणीत परत आल्यावर त्सुने एका मैत्रिणीबरोबर फरशी पुसत असते. मैत्रीण टोकियोबद्दल विचारते. टोकियो फार छान होतं, मुलगा मोठा माणूस झालाय, बायकोही चांगली मिळालीय, आता कधीही डोळे मिटले तरी चालतील, असं ती सांगते. मैत्रिणीला तिचा हेवा वाटतो.

त्सुने बादली उचलून बाहेर येते. गिरणीच्या मागं कुणी नसलेल्या जागी बसते, एक दीर्घ श्वास सोडते, मान खाली घालते. मग कॅमेरा तिच्यावरून हटतो आणि गिरणीचं बंद फाटक दिसतं.